काळ्या बोटाचं मत

दुर्गाबाईनं हात आधी राखेनं घासले, मग रॉकेलनं, मग विटेच्या तुकड्यानं. कातडी सोलवटली, पण काळं काही जागचं हललं नाही.

कारंज्याच्या एका व्यापाऱ्यासाठी ती हिवाळाभर बिब्बे फोडून गोडंबी काढत होती. गोडंबी मोठ्या घरच्या लाडवात जाते, बिब्ब्याचं तेल फोडणारणीच्या हातावर राहतं. ज्याचा-त्याचा वाटा.

"काहून घासून राह्यली एवढी?" देवमननं ओसरीवरून विचारलं.

"मत टाकाले जाचं हाय."

"ते तं दरवेळी पडतेच तुह्यं."

"पडते. मी नाई टाकत."

देवमननं विडी पेटवली. नवरा म्हणून त्याला दुसरं येतही नव्हतं.

दुर्गाबाईची पहिली निवडणूक बासष्टची. तेव्हा "बायकायनं कायले उन्हात यायचं" म्हणून गावच्या पाटलानं वस्तीतल्या बायकांना घरीच बसवलं. सदुसष्टला ती दुपारी शाळेतल्या मतदान केंद्रावर पोचली. "तुमचं मत पडलं, बाई." एकाहत्तरला सकाळीच गेली. तरी पडलेलंच. भगवंतराव पाटलाच्या घरची कुणीतरी बाई तोंडावर पदर ओढायची आणि दुर्गाबाई होऊन शिक्का मारून यायची. मतदारसंघाच्या हद्दी हलल्या, त्याचं नाव बदललं, बैलजोडी जाऊन गायवासरू आलं, दिल्लीला जाणारे बदलले. दुर्गाबाईचं मत मात्र कधी चुकलं नाही. असल्या मतांवर निवडून आलेले लोक चौकात हार घालून घेतात आणि जनतेचा कौल म्हणतात. जनता तिकडं बिब्बे फोडत असते.

म्हणून सत्त्याहत्तरच्या मार्चात तिनं ठरवलं, शाळेचं दार उघडायच्या आधी दारात जाऊन उभं राहायचं.

दार उघडलं तेव्हा ती सगळ्यांत पुढं होती. मागं लिलाबाई आणि बिब्बे फोडणाऱ्या साऱ्या बायका. केंद्राध्यक्ष म्हणून कारंज्याचे एक मास्तर आले होते. नवा सदरा, घाबरट डोळे. बाजूच्या बाकावर उमेदवाराचा माणूस म्हणून भगवंतराव पाटील मांडी घालून बसला होता. तिला पाहून तो जरा अस्वस्थ झाला. इतक्या सकाळी त्याच्या घरच्या बायकांची वेणीफणीही झाली नव्हती.

मास्तरांनी तिचा डावा हात पाहिला आणि ते दचकले. "बाई, तुमच्या बोटाला शाई आहे. तुम्ही मत टाकून आलात."

"कुठीसा टाकून आली? पेटीले आता तं लाख लावली तुमी."

मास्तरांनी पेटीकडे पाहिलं. लाख अजून ओली होती.

"शाईची बाटली कुठी हाय?" दुर्गाबाईनं विचारलं.

बाटली टेबलावर होती. बूच घट्ट बसलेलं.

"दुसऱ्या गावात टाकून आली असन," पाटील म्हणाला. "धनजले. लय बेरकी बाई हाय हे, मास्तर."

"दाही बोटायनं टाकलं का मंग?" तिनं दोन्ही पंजे टेबलावर ठेवले. "हे बिब्ब्याचं काळं हाय. मांगच्या बाया पाहा, साऱ्यायचे हात असेच हायेत."

"साऱ्या जनी टाकून आल्या," पाटील म्हणाला. "बिब्बा काय, पान्यानं निंगते."

रांगेतल्या बायका हसल्या. पाटलानं जन्मभर गोडंबी खाल्ली होती, बिब्बा कधी हातात धरला नव्हता.

दुर्गाबाईनं कमरेच्या चंचीतून एक बिब्बा काढला आणि उंबऱ्यावर दगडानं ठेचला. "द्या मंग बोट, पाटील. पान्यानं निंगालं तं मी अशीच घरी जातो."

सगळ्या शाळेसमोर मागं कसं सरायचं? पाटलानं बोट पुढं केलं. तिनं तेलाचा ठिपका लावला. पाटलानं पाण्यानं धुतला, धोतराला पुसला. धोतर काळं झालं, बोट काळंच राहिलं.

"आता बोला, मास्तर," लिलाबाई मागून म्हणाली. "हे शाई असन तं पाटलाचं मत पडलं. बिब्बा असन तं आमाले आत घ्या."

मास्तरांनी पाटलाकडे पाहिलं, बायकांकडे पाहिलं आणि शाईच्या बाटलीचं बूच काढलं. काळ्यावर काळी रेघ ओढली. ती कुणाला दिसली नाही. दुर्गाबाईनं चिठ्ठी घेतली, पडद्यामागं गेली आणि इतका जोर लावून शिक्का मारला की टेबल हललं. तिच्यामागून वस्तीतल्या एकेका बाईनं आपापलं मत टाकलं.

पाटलाला घाम फुटला होता. त्यानं त्याच हातानं कपाळ पुसलं, डोळे चोळले, मानही खाजवली. दुपारपर्यंत बिब्बा त्याच्या अंगावर उतला. तोंड सुजून भोपळा झालं, डोळे मिटले ते उघडेनात. त्याला बैलगाडीत निजवून कारंज्याला डॉक्टरकडे नेलं. हुकूम द्यायला माणूस नाही म्हटल्यावर त्याच्या घरच्या बायकाही एकेक मत टाकून स्वयंपाकाला लागल्या. पाटलाचं स्वतःचं तेवढं राहिलं. ते तो नेहमी सगळ्यांत शेवटी टाकायचा. आधी इतरांची.

मतदान संपत आलं तेव्हा दुर्गाबाई पुन्हा दारात उभी.

मास्तर थकलेल्या आवाजात म्हणाले, "बाई, तुमचं मत पडलं."

हे वाक्य तिनं पूर्वीही ऐकलं होतं. आज ते गोड लागलं.

"पडलं ना. ते इचाराले नाई आली. पाटलाचं राह्यलं म्हंते. त्यायनं माहं इतके साल टाकलं. म्या म्हनलं आपुनबी येक डाव त्यायचं टाकून द्यावं. तोंडावर पदर घेतो."

"तसं नाही चालत. ज्याचं मत त्यानंच टाकायचं असतं. नियम आहे."

"असा नियम हाय?"

"पहिल्यापासून आहे."

दुर्गाबाईनं मान डोलावली. "मंग कारंज्यात पाटील भेटतीन तुमाले. डोये उघडले का हा नियम सांगजा त्यायले."