बाहेरची कडी

माणसाच्या मनातलं काळंबेरं मला लांबूनच दिसतं. ऑफिसात कोण कोणावर डूख धरून आहे, हे मी त्याच्या चहा ढवळण्यावरून सांगतो. त्यामुळे सासरे आमच्याकडे महिनाभर राहायला आले आणि चौथ्याच दिवशी त्यांनी मला बाथरूममध्ये कोंडलं, तेव्हा कारण शोधायला मला क्षणही लागला नाही.

कारण आदल्या रात्रीच्या जेवणात होतं. सासरे निवृत्त स्टोअरकीपर. छत्तीस वर्षं गोदामात काढलेली. त्या गोदामात रंगाच्या डब्यांमागे साप निघाला होता, ही गोष्ट तीन दिवसांत चौथ्यांदा सुरू झाली, तेव्हा साप नव्हता, दोरखंड होता, हा गोष्टीचा शेवट मी पहिल्याच घासाला सांगून टाकला. सासरे पाणी प्यायले. बायकोने माझ्याकडे असं पाहिलं की पानातली भाजी निवली.

सकाळी सातला बायको तिच्या शाळेत शिकवायला गेली. मी अंगाला साबण लावत होतो. बाहेरून कडी सरकली, मग घराला कुलूप लागलं, मग जिन्यावरून सासऱ्यांच्या चपला उतरत गेल्या. ते फिरायला निघाले होते. मी हाका मारल्या, दार बडवलं, शेवटी बादली वाजवली. पाऊण तासाने परतून त्यांनी कडी काढली.

"अहो, आत होतात होय? माफ करा हं," असं म्हणून ते हसले.

ते हसू मी नीट ओळखलं. ऑफिसात पोचलो तेव्हा साहेबांनी माझ्याकडे न बघता भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं.

दोन दिवसांनी बाल्कनी. तिथे उजेड चांगला म्हणून मी आरसा टांगून दाढी करत होतो. मागे कडी वाजली, चपला उतरल्या. समोरच्या इमारतीतल्या बाईंनी अग्निशमन दलाला बोलावू का, असं दोनदा विचारलं. अर्धी दाढी आणि कमरेला टॉवेल असताना नको म्हणायलाही रुबाब राहत नाही.

बायकोला सांगितलं, तर ती म्हणाली, बाबांना जुनी सवय आहे, उघडं दार दिसलं की हात जातो, त्यात मनात काही नसतं. मुलगीच ती, बापाची बाजू घेणार. मी मान हलवली आणि विश्वास ठेवला नाही. त्यातच साहेबांनी, दोनदा उशीर झाला म्हणून, माझी शनिवारची रजा नाकारली. मी आरेखक आहे, नकाशे काढतो. त्या दिवशी माझ्या हातून एका नदीला फाटा फुटला. डोकं थाऱ्यावर नव्हतं. बसलो की उठावंसं वाटे, उठलो की पुन्हा तीच कडी कानात सरके. संध्याकाळपर्यंत ठरलं: एकदा त्यांनाही आत बसून कळू दे.

दुसऱ्या सकाळी मी आतल्या खोलीत नकाशाची गुंडाळी नळीत घालत होतो. दहाला तो नकाशा वरच्या कार्यालयात पोचवायचा होता. बेल वाजली, सासऱ्यांनी दार उघडलं, काहीतरी बोलणं झालं. पेपरवाला असेल म्हणून मी लक्ष दिलं नाही. मग बाथरूममध्ये नळ सुटला. आत कोणीतरी खाकरलं. मी पावलं न वाजवता गेलो आणि कडी सरकवली. इतकं हलकं मला कित्येक दिवसांत वाटलं नव्हतं.

तसाच बाहेरच्या खोलीत आलो. खुर्चीत सासरे पेपर वाचत बसले होते.

"तुमचे साहेब आलेत," ते म्हणाले. "आज उशीर नको म्हणून स्वतः गाडी घेऊन. हात धुतायत."

तेवढ्यात आतून दार वाजायला लागलं. सासरे ताडकन उठले, कपाळावर हात मारला आणि धावत जाऊन कडी काढली. साहेब बाहेर आले ते सरळ माझ्याकडे बोट रोखूनच.

"काल रजा दिली नाही, म्हणून हे?"

"त्यांना बोलू नका, साहेब," सासरे म्हणाले. "तुम्हाला दार दाखवून परत फिरताना माझ्याच हातून कडी लागली. छत्तीस वर्षांची खोड आहे. यांनासुद्धा दोनदा कोंडलंय मी. पण एका शब्दाने बोलले नाहीत. चुकून झालंय, हे समजून घेतात. असा जावई मिळायला नशीब लागतं."

साहेब वरमले. गाडीत त्यांनी माझी माफी मागितली आणि शनिवारची रजाही देऊन टाकली. मी खिडकीबाहेर बघत राहिलो.

संध्याकाळी घरी आलो, तर सासरे बॅग भरत होते. बायको दाराशी रडवेली उभी. ते म्हणाले, घरच्या माणसाला कोंडलं ते तुम्ही पोटात घातलंत, पण आज तुमच्या नोकरीवरच बेतलं होतं. हात ऐकत नाही, तर माणसाने आपल्या घरी राहावं.

मी त्यांच्या बॅगेवर जाऊन बसलो.

"बाबा, ती कडी मी लावली. मुद्दाम. आत तुम्ही आहात असं वाटलं म्हणून."

सासऱ्यांनी शेजारी बसून माझ्या गुडघ्यावर थोपटलं. त्यांचे डोळे भरून आले होते.

"मला थांबवायला एवढं स्वतःवर ओढून घेताय? अहो, असं मुद्दाम कोणी करतं का?"

मी पुन्हा सांगितलं, शपथ घेऊन सांगितलं. ते नुसते हसले आणि बॅगेतले सदरे एकेक करून परत कपाटात ठेवू लागले. घरात माझ्या बोलण्यावर विश्वास ठेवला तो फक्त बायकोने. आज आठ दिवस झाले, ती माझ्याशी बोलत नाही.