चोविसावं झाकण

शनिवारी सकाळी ओट्यावर होतं ते असं : काचेच्या बरण्या चोवीस, नवी झाकणं चोवीस, सफरचंदाचा व्हिनेगर तीन गॅलन, लाल मिरचीचा चुरा एक पाउंड, मीठ, थोडी साखर आणि आम्लता मोजायचं माझं यंत्र. रसायनशास्त्राची पदवी मी नुकतीच घेतली होती. मामाचा सॉस मामापेक्षा चांगला करून दाखवणार, याबद्दल मला तिळभरही शंका नव्हती!

ओथामामा हर्नियाचं ऑपरेशन होऊन वरच्या खोलीत उघड्या खिडकीपाशी झोपून होता. पूर्व कॅरोलायनातल्या आमच्या चर्चच्या वार्षिक जेवणात, भाजलेल्या डुकरावर, तीस वर्षं त्याचाच सॉस, व्हिनेगर-मिरचीचा; आमच्याकडे त्यात टोमॅटो म्हणजे पाप. यंदा चर्चचे कारभारी रॉस्को प्रुइट यांनी निरोप धाडला होता, "शनिवारी संध्याकाळपर्यंत बरण्या आल्या नाहीत, तर माझ्या मेव्हण्याचा सॉस ठेवू. टोमॅटोचा."

"टोमॅटो!" मामा म्हणाला. "त्यापेक्षा मला पुरा."

मामा सॉस अंगणात चुलीवर उकळायचा. बाहेर वाऱ्यानं आच स्थिर राहत नाही, म्हणून मी तो स्वयंपाकघरात ठेवला. माश्या नकोत म्हणून खिडक्याही लावून घेतल्या.

"पोरी, नक्की ना?" व्हर्नामामीनं विचारलं.

"मामी, मी हे शिकलेय!"

शेवटची भरलेली बरणी उकळत्या पाण्यातून काढून ओट्यावर मांडली, तेव्हा घरात मिरची-व्हिनेगरच्या वाफेचा इतका खाट झाला होता की भिंतीलाही ठसका लागला असता! मी आणि मामी ओसरीवर धावलो. डोळ्यांना धारा, नाकाला धारा, घशातून आवाज नाही. पडू नये म्हणून एकमेकींच्या गळ्यात पडलो.

समोरच्या यूलाबाईंनी ते पाहिलं.

"अगंबाई! ओथा गेला!"

आमच्याकडे कुणी गेलं की पाद्रीबाबांच्या आधी जेवण पोचतं. प्रत्येक घराच्या फ्रीजरात अशा प्रसंगासाठी एक थाळी तयारच असते. बघता बघता ओसरीवर चीज घातलेल्या मॅकरोनीच्या पाच थाळ्या आणि एक अख्खा हॅम आला. मागोमाग रॉस्को प्रुइट, टोपी हातात घेऊन.

"मामा... जि... जिवंत..." मी खोकले.

"आमच्या मनात तो जिवंतच राहील, बाळ."

मामीनं जोरजोरात मान हलवली. यूलाबाईंनी ती मान खांद्यावर दाबून धरली. "रड गं, मनसोक्त रड!"

रॉस्को म्हणाले, "आता खरं सांगायला हरकत नाही. ओथाच्या सॉसपुढे टोमॅटो म्हणजे काहीच नाही. पण करणार कोण आता? उद्या मेव्हण्याचाच ठेवावा लागणार." त्यांचेही डोळे वाहत होते. ते दाराजवळ उभे होते.

मग सगळ्यांनी माना खाली घालून मूक प्रार्थना सुरू केली. त्या शांततेत आतून आवाज आला. टिंग! गार होणाऱ्या बरणीचं झाकण आत ओढलं जातं, तेव्हा ते असं वाजतं. वाजलं की बरणी पक्की बंद. टिंग! टिंग! मी रडत रडत मोजत होते. बराच वेळ टिंग टिंग चाललं आणि थांबलं.

वरच्या खिडकीतून आवाज आला, "तेवीसच झाली! चोविसावं कुठंय?"

एक थाळी खाली पडली. रॉस्कोंची टोपीही.

पोट धरून एकेक पायरी उतरत मामा ओसरीवर आला. "रॉस्को, मघाशी काय म्हणालास ते पुन्हा म्हण."

"तू... तू सगळं ऐकलंस? मग बोलला का नाहीस, गाढवा?"

"तीस वर्षांत इतकं कौतुक झालं नव्हतं. मध्ये कशाला बोलू? म्हण, टोमॅटो म्हणजे काय?"

"ते मी तू मेल्यावर म्हणालो होतो!"

"मग मी पुन्हा आडवा होतो. तू म्हण!"

यूलाबाई आणि पाच थाळ्यावाल्या साक्षीदार होत्या. रॉस्कोंचा नाइलाज झाला. मेव्हण्याचं मन राखायला दोन्ही सॉस ठेवायचे, असं ठरलं. न वाजलेली बरणी तिथेच उघडून मामाच्या सुतकाच्या हॅमबरोबर मामासकट सगळ्यांनी संपवली.

रविवारी जेवणं उरकल्यावर मी टेबलावर मोजलं. मामाच्या बरण्या तेवीस, रिकाम्या. टोमॅटोच्या बारा, भरलेल्या.