हौसाआत्या आणि रशियाच्या राण्या

आमच्या निमगाव सावात कुणाच्याही घरात काहीही झालं, की हौसाआत्या ओट्यावरून एकच वाक्य टाकते, "रशियात बी ह्येच झालं व्हतं!"

सरपंचबाईंच्या नव्या पैठणीचा विषय निघाला, तेव्हा म्हणाली, "पैठणीचं काय कवतिक? एका राणीकडं हजारांनी झगे व्हते. येकदा घातला का परत न्हाई."

हौसाआत्या आमची शेजारीण. वय सत्तरीच्या पुढं, शिक्षण चौथी आणि मुक्काम कायम रशियाच्या राजवाड्यात. जुन्नरच्या बाजारातल्या रद्दीवाल्याकडून तिनं कधीतरी रशियाच्या राण्यांवरचं एक जाडजूड मराठी पुस्तक आणलं. कव्हर नाही, सुरुवातीची पानं गायब. वाचून वाचून ते इतकं खिळखिळं झालं, की तिनं ते गोधडीच्या दोऱ्यानं शिवून टाकलं. परकी नावं जिभेवर बसेनात, म्हणून राण्यांचं नव्यानं बारसंच केलं. झगेवाली, मठात धाडलेली, आणि सगळ्यांत लाडकी जर्मनवाली.

एकदा तात्यांनी, म्हणजे तिच्या नवऱ्यानं, तिला न विचारता गाय विकायला काढली. आत्या शांतपणे म्हणाली, "जर्मनवालीचा नवरा बी कुणाला इचारत न्हवता. तिनं त्याला गादीवरनं उतरवला आन् सोता बसली."

तात्यांनी गाय परत गोठ्यात बांधली. पुढं त्या नवऱ्याचं काय झालं, हे विचारायची त्यांची अजून हिंमत झालेली नाही.

दोन वर्षांपूर्वी माझ्या धाकट्या दिराचं लग्न झालं. शेतकऱ्याला इकडं कुणी मुलगी देईना, म्हणून मिनती थेट ओडिशाहून आली. मराठी ती ऐकून ऐकून शिकली. "मी चहा केलो," म्हणायची. "सासूबाई आला," म्हणायची. आम्ही पोट धरून हसायचो. तिची नक्कल करण्यात मी सगळ्यांच्या पुढं. हळूहळू मिनती बोलेनाशी झाली. मला वाटलं, स्वभावच असेल.

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला मी भर बायकांत पुन्हा तीच नक्कल केली. हशा पिकला. मिनतीनं तिळगुळाचं ताट खाली ठेवलं आणि आत निघून गेली.

हौसाआत्या उठली. "जर्मनवाली चौदा-पंधरा वर्साची, जर्मनीतनं रशियात सून म्हणून गेली. भाषा ठावं न्हाई. बर्फाच्या थंडीत अनवाणी फिरत धडे पाठ करायची. मरता मरता वाचली. तिला बी हसल्या असतील बाया." मग माझ्याकडं बघून म्हणाली, "त्यांचं नाव न्हाई पुस्तकात."

दुसऱ्या दिवशी दुपारी पाहिलं, तर मिनती आत्याच्या ओट्यावर बसलेली. पुस्तक मांडीवर. आत्या एक ओळ वाचायची, मिनती तिच्यामागून म्हणायची. चुकलं की दोघी हसायच्या.

मी तिथं गेले. मिनतीची माफी मागितली. तिनं मान हलवली आणि मला बसायला जागा करून दिली. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "आत्या, तुम्हाला जर्मनवालीच का एवढी आवडते?"

पुस्तकाच्या दोऱ्यावरून बोट फिरवत आत्या म्हणाली,

"मी आंबेगावच्या डोंगरातली. लगीन व्हऊन हितं आले, तवा माझ्या बोलण्याला समदी हसायची. मंग मी वरीसभर बोललेच न्हाई. आन् सासू पावण्यांना कवतिकानं सांगायची, आमची सून लई गुणाची, तोंडातनं शबुद काढत न्हाई."