निमियाबाईंचे शहात्तर साल

ज्याला वर्ष नाही ते घडलेच नाही. इतिहासाचे हे पहिले तत्त्व, आणि राजधानी असुन्सिऑनमधल्या आमच्या चित्रवर्ष कचेरीचा सारा डोलारा त्याच्यावरच उभा आहे. देशात निघालेला प्रत्येक चित्रपट आणि दूरदर्शनवरचा प्रत्येक कार्यक्रम आम्ही एका, आणि एकाच, वर्षात बसवतो. उदाहरणार्थ १९७९: चित्रपट दोन, मालिका एक, साबणाच्या जाहिराती एकेचाळीस, फिती कापण्याचे समारंभ सहाशे बारा. (पैकी तीन फितींच्या मागे इमारत होती.)

गेल्या मार्चात निमिया ओवेलार नावाच्या एकाहत्तर वर्षांच्या बाई चिपा पावांची पुरचुंडी घेऊन कचेरीत आल्या. चोविसाव्या वर्षी त्यांनी एका चित्रपटात नदीवर धुणे धुतले होते आणि एक वाक्य म्हटले होते. सेन्सॉरने तो चित्रपट अडकवून ठेवला. बाईंनी तो कधी पाहिलाच नाही.

"नवरा गेला, तोही मला थापाडी म्हणतच गेला," त्या म्हणाल्या. "एकदा बघू द्या की, साहेब."

साहेब म्हणजे आमचे प्रमुख आर्सेनियो विल्यासबोआ. अत्यंत सहृदय माणूस, पण कचेरीच्या वेळेत नाही.

"कलाकाराला त्याचं चित्र दाखवायला आमची ना नाही. वर्ष कोणतं?"

"शूटिंग अठ्ठ्याहत्तरला. आवाज भरला एकोणऐंशीला. मोकळं झालं नव्वदला."

"तीन वर्षं? बाई, एका माणसाला तीन वाढदिवस असतात का?"

समिती बसली. सात बैठका झाल्या, एकोणीस लिटर थंडगार तेरेरे प्यायले गेले (बर्फ वेगळा). अखेर चित्रपटातल्या नदीकाठच्या दुकानाच्या भिंतीवर एका सदस्याला कॅलेंडर दिसले. १९७६! दुकानदाराने ते दोन वर्षे बदललेच नव्हते, असे निमियाबाई शपथेवर सांगू लागल्या. पण दुकानदार वारला होता आणि कॅलेंडर हजर होते. वर्ष ठरले.

मग नवाच पेच पडला. शहात्तर साली निमियाबाई ब्युनोस आयर्सला एका घरी स्वयंपाक करत होत्या. त्यांच्याच अर्जात तसे लिहिले होते.

"म्हणजे ती धुणारी बाई तुम्ही नव्हेत," साहेब म्हणाले.

"अहो, तोंड बघा ना माझं!"

साहेबांनी पाहिले. "साम्य आहे. पण ती चोवीसची दिसते. शहात्तरला तुम्ही बावीसच्या होतात."

त्या कलाकारच नसल्यामुळे त्यांच्यासाठीचा खासगी खेळ रद्द झाला. मात्र त्या सालच्या चित्रपटांचा कचेरीचा 'शहात्तर सप्ताह' जनतेसाठी खुला होता, आणि जनता असायला पुरावा लागत नाही. निमियाबाई शेजारीण देल्फिनाला घेऊन आल्या. पडद्यावर एक पोरगी चादर पिळत होती. "किती पिळतेय, फाटेल की," बाई पुटपुटल्या. मग पोरगी नावाड्याला म्हणाली, "तुझी वाट नदीला विचार, मला काय विचारतोस?" बाईंच्या तोंडूनही तेच शब्द, त्याच ठसक्यात निघाले.

पुढच्या रांगेतून साहेब वळले. "शू! त्या बाईंना बोलू द्या!"

देल्फिना रडायला लागली. "अगं, तूच गं ही! आणि मी मेली चाळीस वर्षं हसत होते तुला."

"गप. बघू दे," निमियाबाई म्हणाल्या, आणि डोळे न पुसताच बघत राहिल्या.

बाहेर अभिप्रायाच्या वहीत त्यांनी लिहिले: 'धुणारी बाई छान. तिला शोधा.' कचेरीने सूचना तत्परतेने अमलात आणली. जाहिरातीला सव्वीस अर्ज आले. त्यांतून शहात्तर साली निर्विवादपणे असुन्सिऑनमध्ये असलेल्या एका दंतवैद्याच्या पत्नीची निवड होऊन तिचा सत्कार झाला. (या बाईंनी आयुष्यात धुणे धुतले नव्हते, पण तशी अट नव्हती.)

वाचकहो, खुशाल हसा. पण तुमच्या घरातली म्हातारी "मी तरुणपणी..." असे म्हणू लागली, की तुम्ही टीव्हीचा आवाज वाढवता. आम्ही निदान सात बैठका घेतल्या.