लॅपटॉपात अडकलेला विश्वेश

चहा निवेपर्यंत काम उरकेल, अशा बेतानं रत्नाकर लॅपटॉपसमोर बसला. साल अठ्ठ्याण्णव. अमेरिकेतल्या थोरल्या भावानं, विश्वेशनं, आपला जुना लॅपटॉप एका मित्राच्या हाती बनारसला धाडला होता आणि त्यात आईसाठी स्वतःच्या आवाजात पत्र भरून ठेवलं होतं. फोनवर आनंदीबाईंना खरखरीखेरीज काही ऐकू येत नसे. तीन वर्षांत मुलाचं एक सबंध वाक्य त्यांच्या कानी पडलं नव्हतं. त्या धुतलेलं पातळ नेसून समोर येऊन बसल्या.

रत्नाकरनं फाइल लावली. पडद्यावर सेकंद पुढे सरकले, पण आवाज नाही.

“विचार करून बोलत असेल,” आनंदीबाई म्हणाल्या.

रत्नाकर विद्यापीठात संख्याशास्त्र शिकवायचा, आणि सोपी गोष्ट अवघड करण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता (हे मत विद्यार्थ्यांचं). मशीन लिनक्स या संगणक-प्रणालीवर चालायचं. दोष साउंड कार्ड चालवणाऱ्या प्रोग्रामचा, म्हणजे ड्रायव्हरचा, असं निदान करून त्यानं लिनक्सचा गाभाच नव्यानं बांधायला घेतला. त्याला तीन तास लागायचे, आणि ते राहत त्या मंगला गौरी मोहल्ल्यात वीज सलग तीन तास टिकायची नाही. चौथ्या खेपेला ते जमलं. तेव्हा इतके दिवस नुसता गप्प असलेला लॅपटॉप, आपल्यात साउंड कार्डच नाही, असं लेखी कळवू लागला.

पण रत्नाकरला आता चैन पडेना. असं का झालं असेल? विद्यापीठातून त्यानं जगभरच्या अनोळखी लोकांना ई-मेल धाडले. ब्राझीलच्या एका सद्गृहस्थानं, ड्रायव्हरमध्ये सातच्या जागी पाच घाल, असं कळवलं. पाच घातले आणि सेकंद पुन्हा सरकू लागले, मुक्यानंच. तरी त्यानं पेढे आणले. आनंदीबाईंनी पेढा घेतला आणि आता बोलेल ना, एवढंच विचारलं.

त्याची बायको वीणा बराच वेळ पाहत होती. “अहो, आवाज तयार होत असेल,” ती म्हणाली, “पण तो स्पीकरपर्यंत पोचतोय का?”

रत्नाकरनं पेचकस घेतला. आत स्पीकरची केसाएवढी तार सुटून लोंबत होती. त्यानं श्वास रोखून ती डाग देऊन जोडली, झाकण बसवलं (चार स्क्रू उरले) आणि सोळाव्या दिवशी फाइल लावली.

“आई, नमस्कार,” विश्वेश स्वच्छ बोलला. आनंदीबाईंनी पदर डोळ्यांना लावला. “आधी रत्नाकरला सांगतो. रत्नाकर, याचा स्पीकर गेलाय. बॅगेच्या बाहेरच्या कप्प्यात हेडफोन आहे, तो लावून ऐका. बाकी सगळं नीट चालतंय. तू कशालाही हात लावू नकोस.”

वीणा उठली आणि बॅगेतून हेडफोन काढून तिनं तो टेबलावर ठेवला.

“किती समजून सांगतो,” आनंदीबाई म्हणाल्या. “ते हात लावू नकोस म्हणाला ना, तेवढंच पुन्हा लाव.”