सरासरी नफा गुणिले पाच

रामटेके सर टपरीवर बसले की आधी टपरीची ख्याती काढतात, मग चहा मागवतात. ख्याती म्हणजे धंद्याच्या नावाची किंमत. मागच्या काही वर्षांचा सरासरी नफा काढायचा आणि त्याला दोन-तीन वर्षांनी गुणायचं. एटापल्लीच्या कॉलेजात सरांनी जन्मभर हेच शिकवलं. रिटायर झाले, पण गणित काही सुटलं नाही.

सर एकटेच राहतात. रोज सकाळी माझ्या शिलाईच्या दुकानात येऊन बसतात. समोर मोहाचं झाड आहे. उन्हाळ्याच्या तोंडी फुलं टपटपत असतात, गोड वास दुकानभर तरंगतो आणि सर भान हरपून बघत राहतात.

"या झाडाची ख्याती काढून राह्यलो," म्हणतात. "वर्षाले सरासरी टोपल्या किती, सांग बरं?"

मग माझाच खडू उचलून कापायच्या टेबलावर आकडे मांडतात. एकदा ती सरासरी तलाठीसाहेबांच्या पँटीवर उमटली. बिचारे तशीच घालून तहसीलला गेले.

यंदा मला सुईत दोरा ओवता येईना. ऊर्जानगरला राहणारा माझा मुलगा म्हणाला, "बाबा, आता इकडंच या." आलापल्लीचा एक टेलर दुकान घ्यायला तयार झाला. मशिनींचा भाव ठरला. नावाची किंमत तेवढी सर सांगणार होते.

सरांनी पाच वर्षांचे नफे मांडले. शाळेच्या गणवेशांचं मोठं काम मिळालं होतं, ते वर्ष खोडलं. "असाधारण ते वगळ!" उरलेल्या चार वर्षांची सरासरी साठ हजार. गुणिले दोन, एक लाख वीस हजार. टेलर कबूल होऊन गेला.

दुसऱ्या दिवशी तो पैसे घेऊन आला, तर सर म्हणाले, "गुणिले तीन." तो कुरकुरत परतला. पुढच्या खेपेला सरांनी थेट पाचनं गुणलं! टेलर चप्पल घालून चालता झाला. माझं डोकंच फिरलं.

"सर, काऊन माहा सौदा मोडून राह्यले तुम्ही?"

सर फुलांकडे बघत राहिले.

"तू गेला तं सकाळी मी कुठी बसू?" ते म्हणाले. "घरी बोलाले कोणी नाई, भाऊ."

माझा राग कुठल्या कुठे गेला. सरांनी बोटानं पाचाचा आकडा पुसला आणि तिथे हळूच दोन लिहिला.

"हे बरोबर उत्तर हाय. बोलाव त्याले. फक्त एवढं विचारजो, मले इथी बसू देते का तो."