नाडीवरचा सिनेमा

आमचे शेजारी डॉक्टर दामले सिनेमा डोळ्यांनी पाहत नाहीत, शेजाऱ्याच्या मनगटावर पाहतात. लंडनजवळच्या पिनरच्या चर्चहॉलमध्ये दिवे मालवले, की त्यांची सॅनिटायझरच्या वासाची दोन गार बोटे उजवीकडच्या माणसाच्या नाडीवर येऊन बसतात. आयुष्य रुग्णांना भूल देण्यात गेले; सवय सुटत नाही. डावीकडच्या खुर्चीवर मात्र फक्त त्यांचा कोट बसतो.

मराठी मंडळात धीट युरोपीय चित्रपट दाखवण्याची कल्पना त्यांचीच. पहिल्याच शनिवारी पडद्यावर एका विवाहितेने अनोळखी भाडेकरूसमोर सावकाश हातमोजा उतरवला आणि मागच्या रांगेत बटाटेवड्याचे घास घशातच थांबले.

"देह काय बघता? लाइट बघा, लाइट!" डॉक्टर गरजले. "उजेड फक्त मानेवर. दार अर्धं उघडं. कोणी येईल का? हा ताण! कपडे हा तपशील आहे."

तो तपशील जवळ आला, की सभागृहाला एकाएकी चहाची तहान लागे. अख्खे मंडळ किचनमधल्या केटलभोवती दाटीने उभे राही आणि खिडकीच्या फटीतून जमेल तेवढा ताण अनुभवत असे.

शेवटी अध्यक्षा मेधाताईंनी बजावले, "अहो डॉक्टर, आज शेवटपर्यंत कोणी बसलं नाही, तर पुढच्या महिन्यापासून हॉल झुंबा नाचाच्या वर्गाला."

"बसेल कोणीतरी," ते म्हणाले. आवाजात गर्जना नव्हती.

त्या संध्याकाळी पडद्यावर एक रेशमी गाऊन खांद्यावरून ओघळला, खुर्च्या करकरल्या, किचन भरले. कोटापलीकडच्या खुर्चीवर मी तेवढी उरले. डॉक्टर स्वतःचेच मनगट धरून बसले होते.

"काका, माझी बघा ना."

ते दचकले. मग पडद्याकडे पाहतच म्हणाले, "कुसुमला चारचौघांत हात धरलेला चालायचा नाही. नुकतं लग्न झालेलं, ग्लासगोत नवे होतो आम्ही. असलाच पिक्चर. म्हटलं, नाडी बघतो. तेव्हा कुठे दिला. मग काय, असलेच पिक्चर शोधत राहिलो. ती जाईपर्यंत."

मी कोटावरून हात पुढे केला. गार बोटे टेकली. पडद्यावरचा उजेड आमच्या हातांवरून निळा, तांबूस होत सरकत राहिला. श्रेयनामावली संपली तरी बोटे हलली नाहीत.

दिवे लागले. किचनमधून मेधाताईंची हाक आली, "कोणी बसलं का शेवटपर्यंत?"

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिले, मग मधल्या खुर्चीकडे.

"तिघं!" ते गरजले. "पण या पोरीची नाडी फारच संथ. ही पडदा बघतच नव्हती!"